पाचामुखी... गप्प!

मीटिंगमध्ये सगळे 'हो' म्हणतात आणि खाली चहाच्या टपरीवर सगळे 'नाही'! एकेकटे शहाणे असलेले आपण एकत्र बसलो की असे कसे फसतो? जळकोटच्या एका कोरड्या बोअरपासून सुरू झालेला हा शोध...

गेल्या येळवशीला आम्ही सगळे जळकोटच्या आमच्या शेतात जेवायला जमलो होतो. येळवस म्हणजे वेळा अमावस्या. पुण्यातल्या मैत्रिणींना हा सण सांगितला की 'हे काय नवीन?' असा चेहरा होतो. पण बॉस, आमच्या लातूरकडे त्या दिवशी शहरंच्या शहरं ओस पडतात! दुकानं बंद, ऑफिसं रिकामी आणि झाडून सगळी जनता शेतात. कडब्याच्या कोपीत पूजा, मग भज्जी, बाजरीचे उंडे, गार आंबील आणि 'आणखी घ्या'चा न संपणारा आग्रह.

जेवणं झाली. मोठी माणसं कडुलिंबाखाली आडवी झाली. माझा सहा वर्षांचा भाचा बांधाजवळ हुंदडत होता. तिथे जमिनीतून गुडघाभर वर आलेला एक पाइप आहे, तोंडावर भलामोठा दगड ठेवलेला. त्याने तो पाइप काठीने वाजवला आणि ओरडून विचारलं, "हे काय आहे?"

कुणी काही बोलेना. मग मोठे काका पडल्यापडल्याच म्हणाले, "हे व्हय? हे आपल्या घरातलं एकमत हाय, बाळा."

सगळे खो खो हसले. आबा, म्हणजे माझे आजोबासुद्धा. आणि हसणं ओसरल्यावर, आमच्या घरात इतकी वर्षं कुणीच न काढलेला विषय निघाला...

साडेपाचशे फूट

एप्रिल २०१६. आठवतंय ना? लातूर शहराला पाणी देणारं मांजरा धरण कोरडंठाक पडलं होतं. मार्चमध्ये पाणी भरायच्या जागांवर गर्दी आणि भांडणं नकोत म्हणून जमावबंदी लागली होती. १२ एप्रिलला मिरजेहून पाण्याची पहिली रेल्वे लातुरात आली. दहा वाघिणी, साधारण पाच लाख लिटर पाणी. अख्ख्या देशाच्या टीव्हीवर लातूर झळकत होतं. जळकोट काही टीव्हीवर नव्हतं. जिल्ह्याच्या एका टोकाला, नांदेडच्या हद्दीला टेकलेला आमचा तालुका. बालाघाटाचे डोंगर आणि दगडगोटे. तहान मात्र तीच.

आमच्या विहिरीनं तळ गाठला होता. आधी मारलेले दोन बोअर कोरडे गेले होते. अशात एका संध्याकाळी आबांनी सगळ्यांना ओसरीवर बोलावलं. आबा, मोठे काका, पप्पा, धाकटे काका, मोठ्या काकांचा मुलगा म्हणजे आमचा दादा आणि चहाचा ट्रे घेऊन उभी असलेली मी. आई आणि काकू आत चुलीपाशी.

"आनखी एक बोअर मारून बघावं म्हनतो," आबा म्हणाले. "काय म्हनता?"

मोठे काका म्हणाले, "मारू की." पप्पा म्हणाले, "तुम्ही म्हणताय तर बघू." धाकटे काका म्हणाले, "पाणाड्याला मी घेऊन येतो." दादाने मान डोलावली. आत कुणी विचारलंच नाही.

आणि मी? मी तेव्हा एकोणीस वर्षांची होते. उदगीरला बी.ए.चं पहिलं वर्ष संपत आलं होतं आणि जूनमध्ये पुण्याला मास कॉमला अ‍ॅडमिशन घ्यायचं घरात ठरलेलं होतं. फीचे आणि होस्टेलचे साठ हजार कपाटात होते. घरात रोख पैसे म्हणून तेवढेच होते. बोअर मारायचा म्हणजे कुठले पैसे जाणार, हे मला पहिल्या वाक्यालाच कळलं होतं. मी काय केलं? चहाचे कप खाली ठेवले.

चहा संपायच्या आत निर्णय झालासुद्धा.

दोन दिवसांनी पाणाड्या आला. तळहातावर आडवा नारळ ठेवून शेतभर फिरला. एका जागी नारळ उभा राहिला, तिथे दगड ठेवला. रात्री बोअरची गाडी आली, तमिळनाडू पासिंगची. मराठवाड्यात दुष्काळ पडला की या गाड्या रस्त्यारस्त्यांवर दिसतात. तिकडे तिरुचेंगोड नावाचं गाव बोअरच्या गाड्यांसाठीच प्रसिद्ध आहे. काकूंनी हळदकुंकू वाहिलं, नारळ फोडला आणि मशीन सुरू झालं.

दोनशे फूट. फुफाटा. तीनशे फूट. फुफाटा. दर वेळी ड्रायव्हर आबांकडे बघायचा, आबा मुलांकडे बघायचे, मुलं जमिनीकडे बघायची. कुणीतरी म्हणायचं, "आता इतकं गेलंच हाय तर आनखी एक रॉड टाका." चारशे. पाचशे. अंगावर, डोक्यावर, पापण्यांवर राखेसारखी दगडाची भुकटी. साडेपाचशेला ड्रायव्हरने स्वतःच इंजीन बंद केलं आणि मान हलवली. "तण्णी इल्ल, सार."

पाणी नाही. त्या संपूर्ण प्रकरणात 'नाही' हा शब्द पहिल्यांदा उच्चारला गेला तो तिथे. आणि तोही परक्या माणसाकडून, परक्या भाषेत!

साठ हजार जमिनीत गेले. माझं एक वर्षही.

सहा जणांचं 'नको'

तर येळवशीच्या त्या दुपारी, नऊ वर्षांपूर्वीच्या त्या संध्याकाळची चौकशी सुरू झाली.

मोठे काका म्हणाले, त्यांनी आधीच एका जाणत्या माणसाला जमीन दाखवली होती. आपल्याकडचा काळा पाषाण. त्यात पाणी असतं ते वरच्या मुरमाड थरात नाही तर दगडाच्या भेगांत. भेग लागली तर लागली, नाहीतर कितीही खोल जा, नुसता दगड. तो माणूस 'इथं नका मारू' म्हणाला होता. मग बोलला का नाहीत? "आबांचं मन मोडंल म्हनून."

पप्पांना माझ्या फीची काळजी होती. पण पोरीच्या शिक्षणापायी शेत वाळवलं असं भाऊ म्हणतील, म्हणून ते गप्प.

धाकट्या काकांचा पाणाड्यावर काडीचा विश्वास नव्हता! आबांचा आहे असं वाटलं, म्हणून ते त्याला घेऊन आले. दादाला वाटलं, एवढी मोठी माणसं बोलतायत तर त्यांना काहीतरी माहीत असणार.

शेवटी सगळ्यांनी आबांकडे पाहिलं. ऐंशी पार केलेला माणूस. कडब्याला टेकून बसलेले आबा शांतपणे म्हणाले, "मला तरी कुठं पायजे हुता? तुमी समदे तोंडं पाडून बसलेले. म्हनलं, घरातल्या मोठ्या मानसानं कायतरी हातपाय हलवावं. मला वाटलं, तुमी 'नको' म्हनाल."

ओसरीवर आम्ही सहा जण होतो. सहाही जणांच्या मनात 'नको' होतं. सहा 'नको'ची बेरीज एक 'हो' आली! आणि आत चुलीपाशी आणखी दोन 'नको' होतेच, त्यांना तर बेरजेतही धरलं नव्हतं.

टेक्सासची सहल

आमच्या घराला वाटत होतं, असला येडेपणा आपणच केला. पण या आजाराला चक्क नाव आहे, आणि तेही एका गावाचं!

१९७४ साली जेरी हार्वे नावाच्या अमेरिकन प्राध्यापकाने आपल्या सासुरवाडीचा एक किस्सा लिहिला. टेक्सासमधलं कोलमन नावाचं छोटं गाव, चाळिसेक अंशांचं ऊन. सगळे घरात पंख्याखाली निवांत डोमिनोज खेळत बसलेले. सासरे म्हणाले, चला, अ‍ॅबिलीनला जेवायला जाऊ. अ‍ॅबिलीन ८५ किलोमीटर लांब, गाडीत एसी नाही. बायको म्हणाली, छान कल्पना! जावई म्हणाला, चालेल, सासूबाईंना विचारा. सासूबाई म्हणाल्या, जाऊ की! गेले, धूळ खाल्ली, बेचव जेवले, चार तासांनी शिजून परत आले. मग सासूबाईंनी तोंड उघडलं, मला खरं तर जायचंच नव्हतं. मग एकेकाने तेच सांगितलं. सासऱ्यांनीही! त्यांना वाटलं होतं, पोरं कंटाळली असतील.

म्हणजे टेक्सासमधले आबाच की हे!

हार्वेंचं म्हणणं फार मजेशीर आहे. आपण समजतो की माणसं एकत्र आली की मतभेदांनी घोटाळे होतात. ते म्हणतात, कित्येकदा घोटाळा होतो तो एकमतामुळे. सगळ्यांच्या मनात एकच गोष्ट असते, पण ती बोलायची कुणी? मग सगळे मिळून नेमकी उलटी गोष्ट करतात.

टपरीवरची मीटिंग

आता तुमच्या-आमच्या ऑफिसात येऊ. मी फ्रीलान्सर, त्यामुळे बऱ्याच ऑफिसांमधल्या काचेच्या खोल्या पाहिल्यात. एका ठिकाणी नव्या पुरवणीची मीटिंग होती. साहेबांनी नाव सुचवलं, रंग सुचवला आणि विचारलं, "एनी ऑब्जेक्शन्स?" तीन सेकंद शांतता. "ग्रेट! मग हे फायनल."

लिफ्ट खाली येईपर्यंत सगळे गप्प. टपरीवर कटिंग हातात आल्याबरोबर सगळे सुटले. "काय भिकार नाव आहे यार!" "दोन महिने चालणार नाही." आणि ते तसंच झालं. पुरवणी दोन महिन्यांत गुंडाळली.

खरी मीटिंग टपरीवर होते. ऑफिशियल व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर अंगठे आणि टाळ्या, आणि बॉस नसलेल्या दुसऱ्या ग्रुपवर खरी मतं. तुमच्याकडेही असे दोन ग्रुप असतीलच. नसतील तर एक लक्षात घ्या. दुसरा ग्रुप असेल, फक्त तुम्ही त्यात नसाल!

'मौनं संमतिलक्षणम्' असं आपल्याला शाळेत शिकवलं. गप्प बसला म्हणजे हो म्हणाला. पण ओसरीवरचा आणि कॉन्फरन्स रूममधला अनुभव सांगतो की गप्प बसलेला माणूस बहुतेक वेळा दुसऱ्याच्या तोंडाकडे बघत असतो. आणि तो दुसराही याच्याच तोंडाकडे बघत असतो.

नंदीबैल आणि खुलभर दूध

आपण सगळे नंदीबैल आहोत का मग? मास कॉमला आम्हाला सायकॉलॉजीचा एक पेपर होता, त्यात सॉलोमन अ‍ॅश भेटला होता. तेव्हा परीक्षेपुरता वाचला. आता त्याचा अर्थ लागतोय.

१९५१ सालच्या आसपास अ‍ॅशने एक साधा प्रयोग केला. एका कार्डावर एक रेघ, दुसऱ्या कार्डावर तीन. तिघींपैकी कोणती पहिलीएवढी, ते सांगायचं. शेंबडं पोरही सांगेल इतकं सोपं. खोलीत काही कॉलेजचे विद्यार्थी, पण त्यातला एकच खरा. बाकीचे सगळे अ‍ॅशला सामील, आणि ते ठरवून एकच चुकीचं उत्तर देणार. खऱ्या विद्यार्थ्याची पाळी सगळ्यात शेवटी किंवा शेवटून दुसरी. झालं काय? चारातले तीन जण निदान एकदा तरी डोळ्यांनी दिसत असलेलं सोडून इतरांची री ओढून मोकळे झाले!

पण या प्रयोगाचा पुढचा भाग कुणी फारसा सांगत नाही, आणि माझ्या मते खरी गंमत तिथे आहे. अ‍ॅशने त्या सामील मंडळींतल्या एकाला खरं उत्तर द्यायला सांगितलं. फक्त एकाला! आणि झुकण्याचं प्रमाण एकदम घसरून साधारण एक-चतुर्थांशावर आलं. म्हणजे मोठा मोर्चा लागत नाही. एक माणूस 'मला वेगळं दिसतंय' म्हणाला तरी इतरांच्या घशातला शब्द मोकळा होतो.

हे वाचताना मला आजीची श्रावणी सोमवारची खुलभर दुधाची कहाणी आठवली. राजाने दवंडी पिटली, महादेवाचा गाभारा दुधाने भरायचा, सगळ्यांनी घरातलं झाडून सगळं दूध आणा. गावाने निमूट आणलं. पोरं उपाशी, वासरं उपाशी, तरी गाभारा भरेना. एका म्हातारीने मात्र आधी लेकरांना, वासरांना पाजलं, उरलेलं खुलभर दूध घेऊन गेली आणि गाभारा भरला! लहानपणी मला ती भक्तीची गोष्ट वाटायची. आता वाटतं, अख्ख्या गावात राजाची आज्ञा चुकतेय हे बहुतेकांना कळलं असणार. वागली मात्र एकटी म्हातारी.

हुशार माणसांची खोली

'आमच्या टीममध्ये सगळे टॉपर्स आहेत, आमचं असं होत नाही,' असं कुणी म्हणत असेल तर त्यांना जॉन केनेडींकडे पाठवा. एप्रिल १९६१. क्युबातून पळून आलेल्या साधारण चौदाशे माणसांना शस्त्रं देऊन क्युबावर उतरवायचं, मग तिथली जनता उठाव करेल, अशी योजना. खोलीत अमेरिकेतली हुशारातली हुशार डोकी. योजना तीन दिवसांत कोसळली, हजाराहून अधिक माणसं पकडली गेली. केनेडींचे सल्लागार आर्थर श्लेसिंजर यांना ती योजना मुळीच पसंत नव्हती. त्यांनी तसं लेखी कळवलंही होतं. पण भर बैठकीत ते फारसं बोलले नाहीत, आणि त्याची खंत त्यांनी पुढे आपल्या पुस्तकात लिहून ठेवली.

आयर्विंग जॅनिस या मानसशास्त्रज्ञाने १९७२च्या आपल्या पुस्तकात अशाच प्रकरणांचा अभ्यास मांडला आणि 'ग्रुपथिंक' हा शब्द गाजला. गटाचा एकोपा टिकवायच्या नादात गटाने विचार करणंच सोडून देणं.

पण इथेही पुढची गोष्ट जास्त महत्त्वाची. दीड वर्षाने, ऑक्टोबर १९६२मध्ये क्युबात रशियन क्षेपणास्त्रं सापडली. तेच केनेडी, बरीचशी तीच माणसं, आणि या वेळी डोक्यावर अणुयुद्ध! पण या वेळी पद्धत बदललेली होती. केनेडी काही बैठकांतून मुद्दाम बाहेर राहिले, म्हणजे लोक त्यांचा चेहरा बघून बोलणार नाहीत. भाऊ रॉबर्ट आणि सल्लागार सोरेन्सन यांच्याकडे प्रत्येक योजनेत खुसपटं काढायचं काम आलं. तेरा दिवसांनी जग वाचलं. माणसं शहाणी झाली नव्हती हो. खुर्च्यांची मांडणी बदलली होती!

बिनविरोध

केनेडी लांब राहिले. आपल्याकडे 'एकमत' हा शब्द ज्या कौतुकाने उच्चारला जातो, ते पाहा. 'निवड बिनविरोध झाली' ही बातमी आपण किती अभिमानाने वाचतो!

डिसेंबर २०२०. राज्यात चौदा हजारांवर ग्रामपंचायतींच्या निवडणुका लागल्या होत्या. निवडणूक बिनविरोध करणाऱ्या गावांना निधी देऊ, असं काही आमदारांनी जाहीरही केलं होतं. नाशिक जिल्ह्यातल्या देवळा तालुक्यात उमराणे नावाचं गाव आहे, कांद्याच्या बाजारासाठी ओळखलं जाणारं. तिथे सरपंचपदाचा जाहीर लिलाव झाला. बोली गेली २ कोटी ५ लाखांपर्यंत! पैसे कुणाच्या खिशात जाणार नव्हते, ते गावातल्या मंदिरासाठी होते. नंदुरबार जिल्ह्यातल्या खोंडामळीत असाच लिलाव ४२ लाखांना झाला. व्हिडिओ फिरले, चौकशी झाली आणि जानेवारी २०२१मध्ये राज्य निवडणूक आयोगाने या दोन्ही गावांची निवडणूक प्रक्रियाच रद्द केली.

मला यात खटकतं ते वेगळंच. हे चोरून झालं नव्हतं. भर गर्दीत, उघड्यावर झालं. त्या गर्दीत 'हे चुकतंय' असं वाटणारं एकही माणूस नसेल? पण मंदिरासाठी पैसे जमतायत आणि आजूबाजूला सगळं गाव उभं आहे, तिथे हात वर करून 'माझा विरोध आहे' म्हणणं म्हणजे गावाशी वैर घेणं. म्हणून तर मतदान गुप्त असतं! पडद्यामागे उभं राहिल्यावर तुमच्या तोंडाकडे शेजारी बघत नाही, पाटील बघत नाही आणि आबाही बघत नाहीत. 'बिनविरोध' म्हणजे तो पडदाच काढून टाकणं.

आधी आकडा, मग मत

म्हणजे एकत्र बसायचंच नाही का? पाचामुखी परमेश्वर म्हणतात, ते खोटं? नाही. पण पाचही मुखं उघडली पाहिजेत, ही त्यातली अट आपण विसरलो.

गडचिरोलीच्या धानोरा तालुक्यातलं मेंढा (लेखा) हे गोंड आदिवासींचं गाव घ्या. जंगलावरचा सामूहिक हक्क देशात सगळ्यात आधी मिळवलेल्या गावांपैकी एक, २००९ साली. तिथे ग्रामसभेत निर्णय बहुमताने होत नाहीत, सर्वसंमतीने होतात. ऐकायला आमच्या ओसरीसारखंच वाटतं ना? फरक मोठा आहे. तिथे एकाचा जरी विरोध असला तरी निर्णय थांबतो, पुन्हा चर्चा होते. म्हणजे विरोध करणारा गावाचा वैरी ठरत नाही, तो ब्रेक असतो. शिवाय तिथे वेगळा अभ्यासगट असतो. तो विषय समजून घेतो, उलटसुलट बोलतो. निर्णय मात्र घेत नाही, तो ग्रामसभेचा. बोलायची जागा वेगळी, ठरवायची वेगळी. साधी गोष्ट आहे, पण आपल्या कंपन्यांना अजून सुचलेली नाही!

आणि पाण्याचंच म्हणाल तर अहिल्यानगर जिल्ह्यातलं हिवरे बाजार. पोपटराव पवार १९८९मध्ये तिथे सरपंच झाले, त्यानंतरची गोष्ट सगळ्यांना ठाऊक आहे. मला त्यातली एक सवय फार आवडते. तिथे पाऊस किती पडला, विहिरींना पाणी किती, हे मोजून गावासमोर मांडतात. मग यंदा कोणती पिकं परवडतील ते ग्रामसभेत ठरतं. शेतीसाठी बोअर मारायला तर तिथे बंदीच! आधी आकडा, मग मत. आमच्या ओसरीवर आकडा मोठ्या काकांच्या खिशात होता आणि तिथेच राहिला.

पुढच्या मीटिंगआधी...

* बॉस असाल तर शेवटी बोला. तुम्ही आधी बोललात की पुढच्या सगळ्या मतांवर तुमचाच शिक्का.
* 'एनी ऑब्जेक्शन्स?' विचारू नका. 'यात काय काय बिघडू शकतं, प्रत्येकाने एक सांगा' असं विचारा. मग विरोध करणं हे कामच होतं, आगाऊपणा राहत नाही.
* चर्चेआधी मतं चिठ्ठीवर घ्या. हात वर करायला लावलं की माणूस आधी इतरांचे हात मोजतो.
* खुसपटं काढायची पाळी लावा. दर वेळी वेगळा माणूस. नाहीतर कायम विरोध करणाऱ्याला 'तो तसाच आहे' म्हणून सगळे सोडून देतात.
* मोठा निर्णय एका चहात घेऊ नका. एक रात्र जाऊ द्या.
* खोलीत कोण नाही ते बघा. पैसे ज्याचे जाणार, काम ज्याला करावं लागणार, तो बाहेर असेल तर आत बोलवा.

आणि आमच्या घरी?

परवा गावी गेले तेव्हा पुन्हा बैठक होती. विषय तसा मोठाच, माळावरची दोन एकर विकायची की ठेवायची. गिऱ्हाईक दारात उभं. पप्पांनी सुरुवात केली, "आबा, तुम्ही सांगाल तसं..."

माझ्या पोटात तो २०१६चा चहाचा ट्रे थरथरला. या वेळी मी बोलले. "थांबा. आधी सगळ्यांनी चिठ्ठीवर लिहायचं. नाव घालायचं नाही. आबा सगळ्यात शेवटी बोलणार. आणि आई, काकू, तुम्ही पण बाहेर या."

"हे काय पुण्याचं खूळ?" धाकटे काका कुरकुरले. पण वहीचं पान फाडून तुकडे त्यांनीच केले.

आबांना सोडून सात चिठ्ठ्या. मी एकेक उघडून वाचली. तीन 'नको'. दोन 'विका'. एकीवर 'गिऱ्हाईक आधी किती देतंय ते लेखी घ्या'. आणि सातवीवर, आम्हा सगळ्यांच्या ओळखीच्या गोलगोल अक्षरात, 'बैठक मोठी चालणार असेल तर आज चहा कोण करणार ते आधी ठरवा.'

काकूंनी पदर तोंडाला लावला. आई दुसरीकडे बघू लागली. मी आजवर दोघींना ओसरीवर इतका वेळ बसलेलं पाहिलं नव्हतं.

मग दोन तास आमच्या घरात जे भांडण झालं, ते मागच्या दहा वर्षांत झालं नव्हतं. पप्पा आणि मोठे काका एकमेकांवर ओरडले. दादाने मोबाइलवर हिशेब मांडला, काकूंनी त्यातली चूक काढली, आणि ती चूक खरोखरच होती. आबा भिंतीला टेकून ऐकत होते. निर्णय? झाला नाही अजून. गिऱ्हाइकाला पंधरा दिवस थांबायला सांगितलंय. थांबलं तर बरं, नाही थांबलं तर दुसरं येईल.

चहा त्या दिवशी धाकट्या काकांनी केला. सगळ्यांनी एकेक घोट घेतला आणि पप्पा, मोठे काका, दादा, मी, सगळे एका सुरात म्हणालो, "मस्त झालाय!"

आबांनी कप खाली ठेवला. एकेकाच्या तोंडाकडे पाहिलं.

"साखर न्हाई ह्यात," ते म्हणाले.